अभयदानाचा घाट

बँकॉकचे रहिवासी आपल्या शहराला बँकॉक म्हणत नाहीत. त्यांच्या तोंडी ‘क्रुंग थेप’ हे नाव असते. ‘थेप’ म्हणजे देव. क्रुंग थेप म्हणजे देवनगरी. पण हेही नाव संक्षिप्तच आहे. चक्री वंशाचा पहिला राजा, ज्याला इतिहास पहिला राम म्हणून ओळखतो, त्याने १७८२ मध्ये चाओ फ्रया नदीच्या पूर्व तीरावर ही राजधानी वसवली. तिचे संपूर्ण औपचारिक नाव एका दमात उच्चारणे आपल्यासारख्यांना कठीणच. जगातील सर्वांत लांब स्थलनाम म्हणून त्याची नोंद आहे. मात्र थाई उच्चारांचा पडदा थोडा बाजूला सारला की त्यातील शब्द ओळखीचे वाटू लागतात: महानगर, अमर, रत्न, महेंद्र, नवरत्न राजधानी, रम्य पुरी, उत्तम राजनिवेशन, महास्थान, अमरविमान. आणि शेवटी अशी ग्वाही की ही नगरी शक्राने दिली व विश्वकर्म्याने उभारली. प्रथम तीर्थंकर ऋषभदेवांसाठी इंद्राच्या आज्ञेने कुबेराने अयोध्या रचली, ही कथा लहानपणापासून ऐकलेल्या आपल्या वाचकांना या नामावळीत परकेपणा कसा वाटावा?

वाचकहो, या सदरातून आपण आजवर बहुधा तीर्थक्षेत्रांच्याच वाटा धरल्या. या खेपेस एका परक्या राजधानीतील एका निवांत दिवसाविषयी लिहावयाचे आहे. ‘निवांत’ हा शब्द जाणीवपूर्वक वापरला आहे. आपल्याकडील सहलींच्या पत्रकांत बँकॉकच्या वाट्याला एक दिवस येतो आणि त्या एका दिवसात सात-आठ स्थळे, एक बाजार व रात्रीची नौकाविहाराची मेजवानी कोंबलेली असते. आमच्या गटात अकरा जण होते. सर्वांत ज्येष्ठ जयसिंगपूरच्या अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या आजी. सर्वांत धाकटा नऊ वर्षांचा. आजींचे गुडघे, धाकट्याची भूक आणि सूर्यास्तापूर्वी भोजन उरकण्याचा अनेकांचा नेम, या तीन गोष्टींनीच आमचा कार्यक्रम आखून दिला. स्थळे तीन: राजवाड्यातील देऊळ, वाट फो आणि नदीपलीकडील वाट राखांग. (‘वाट’ म्हणजे भिक्षूंच्या निवासासह असलेले देवालय, आपल्या मराठी वाटेशी त्याचा संबंध जोडू नये.) बाकी सारे नावेतून दिसेल तेवढे पाहावयाचे.

थायलंडमध्ये पर्यटकांना वाट दाखविण्याचा व्यवसाय कायद्याने केवळ थाई नागरिकांसाठी राखलेला आहे. त्यामुळे आपल्याकडून सहल-व्यवस्थापक सोबत आला तरी तिथे गळ्यात परवान्याचे ओळखपत्र असलेला स्थानिक मार्गदर्शक घ्यावाच लागतो. हे बंधन आम्हांला वरदान ठरले. आमच्या मार्गदर्शिका पन्नाशीच्या आसपासच्या, मृदुभाषी आणि काटकसरीने बोलणाऱ्या होत्या. पहिल्याच भेटीत त्यांनी आजींना ‘खुन याय’ अशी हाक मारली. थाईमध्ये ‘याय’ म्हणजे आईची आई. दिवसभर त्यांची चाल आजींच्या चालीच्या पुढे गेली नाही.

राजवाडा सकाळी साडेआठला उघडतो आणि तेव्हाच पोहोचावे. दहानंतर ऊन आणि गर्दी दोन्ही असह्य होतात. परदेशी पाहुण्यांना ५०० बाटचे तिकीट आहे. खांदे व गुडघे झाकणारी वस्त्रे अनिवार्य. आमच्या गटातील स्त्रियांना त्यासाठी वेगळे काही करावे लागले नाही, अर्ध्या चड्डीतील दोन तरुणांना मात्र लांब विजारी आणाव्या लागल्या. एक सावधगिरीची सूचना. प्रवेशद्वाराच्या अलीकडे कुणी सभ्य गृहस्थ भेटतो, ‘आज राजवाडा बंद आहे’ असे सांगतो आणि स्वस्तात तीनचाकी रिक्षातून दुसरीकडे नेण्याची तयारी दाखवतो. ती रिक्षा बहुधा रत्नांच्या एखाद्या दुकानापाशी थांबते. रत्नपारखी कुटुंबांची आपल्या समाजात वाण नाही आणि जवाहिरांच्या व्यापारानिमित्त बँकॉकमध्ये स्थायिक झालेले कित्येक साधर्मिकही आहेत. तेव्हा माणिक पाहावयाचेच असेल तर त्यांच्या सल्ल्याने पाहावे, रिक्षावाल्याच्या नव्हे.

आतील देवालयात ज्या मूर्तीसाठी सारा थायलंड नतमस्तक होतो ती उंचीने अवघी ६६ सेंटिमीटर आहे. तिला पाचूचा बुद्ध म्हणतात, पण ती पाचूची नसून हिरव्या रंगाच्या दुसऱ्या पाषाणाची आहे. ध्यानस्थ बसलेली ही लहानशी आकृती इतक्या उंच सिंहासनावर आहे की वृद्ध डोळ्यांना ती जेमतेम दिसते. वर्षातून तीनदा, उन्हाळा, पावसाळा व हिवाळा या ऋतूंच्या आरंभी, तिची सुवर्णवस्त्रे बदलली जातात आणि हा विधी परंपरेने स्वतः राजा करतो. आमच्यातील श्वेतांबर कुटुंबाला आंगीची आठवण झाली. दिगंबर मंडळी मूर्तीच्या आसनाकडेच पाहत राहिली. ही मूर्ती अठराव्या शतकाच्या अखेरीस सयामी सैन्याने लाओसच्या व्हिएन्टियान नगरातून आणली, हे मार्गदर्शिकाबाईंनी न लपवता सांगितले. युद्धात आणलेली शांतमूर्ती! इतिहासात असे विरोध पुष्कळ आहेत. देवालयाभोवतीच्या ओवऱ्यांत १७८ चित्रफलकांवर ‘रामकियेन’ म्हणजे थाई रामायण रंगविलेले आहे. ते सगळे पाहावयाचे तर वेगळा दिवस हवा. आम्ही सहा-सात फलकांपाशी थांबलो आणि पुढे निघालो.

देवालयाच्या पायरीशी पादत्राणे काढण्यासंबंधी एक फलक होता. धाकट्याने बाईंना तो वाचून दाखवावयास सांगितले. पहिला शब्द निघाला: ‘करुणा’. थाई भाषेत औपचारिक विनंतीसाठी, आपण जिथे ‘कृपया’ म्हणतो तिथे, ‘करुणा’ हा शब्द येतो. करुणा करा आणि जोडे काढा! मुलाला हसू आले. पण त्यानंतर दिवसभर त्याला शब्द गोळा करण्याचा छंद जडला, आणि खरे सांगावयाचे तर आम्हां मोठ्यांनाही. अन्नाला ते ‘आहान’ म्हणतात, म्हणजे आपला आहार. भाषेला ‘फासा’. सकाळी सहा वाजता आमच्या निवासाच्या गल्लीतून अनवाणी भिक्षू भिक्षापात्रे घेऊन गेले, त्या फेरीचे नाव ‘बिनथबात’, म्हणजे पिंडपात. आषाढी पौर्णिमेच्या दुसऱ्या दिवसापासून भिक्षू तीन महिने एकाच विहारात राहतात. त्या वर्षावासाला ‘फान्सा’ म्हणतात, आणि त्याआधीच्या पौर्णिमेचा उत्सव म्हणजे ‘आसान्ह बूचा’, आषाढपूजा. चातुर्मास कसा असतो हे बाईंना वेगळे समजावून सांगावे लागले नाही. त्यांनी एवढेच विचारले, “तुमच्याकडे एक महिना अधिक का?”

राजवाड्यापासून वाट फो चालत दहा-बारा मिनिटांवर आहे. आजींसाठी आम्ही गाडी केली. या विहाराचे औपचारिक नाव ‘फ्रा चेतुफोन विमोन मंगखलाराम’. चेतुफोन म्हणजे जेतवन, श्रावस्तीचे ते प्रसिद्ध उपवन जिथे बुद्धांनी अनेक वर्षावास केले. श्रावस्ती ही तृतीय तीर्थंकर संभवनाथांची जन्मभूमी. गंगेच्या खोऱ्यातील एक नगर समुद्रापार एका विहाराच्या नावात असे जाऊन बसले आहे.

इथली शयनमूर्ती ४६ मीटर लांब आणि १५ मीटर उंच आहे. तिसऱ्या रामाच्या कारकीर्दीत, एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात, ती घडविली गेली. दालन इतके अरुंद की मूर्ती एका दृष्टिक्षेपात मावतच नाही. खांबांच्या मधून तुकड्या-तुकड्यांनी पाहावी लागते. “हे झोपले का आहेत?” हा धाकट्याचा प्रश्न रास्त होता, कारण त्याने आजवर जिनप्रतिमा एक तर पद्मासनात पाहिली होती, नाही तर कायोत्सर्गात उभी. बुद्धांचे निर्वाण कुशीनगरात असे कुशीवर पहुडलेल्या अवस्थेत झाले, हे आजींनीच त्याला सांगितले. तळपायांवर शिंपल्याच्या जडावात १०८ मंगलचिन्हे कोरलेली आहेत. मागील बाजूस भिंतीलगत काशाची १०८ भांडी ओळीने मांडली आहेत. भाविक प्रत्येकात एकेक नाणे टाकत जातात आणि सारे दालन त्या किणकिणाटाने भरून राहते. आजींनी नाणी टाकली नाहीत. पंचपरमेष्ठींचे १०८ गुण मोजत त्या शेवटच्या भांड्यापर्यंत चालत गेल्या.

वाट फोमधील जी गोष्ट बहुतेक गट पाहतच नाहीत ती म्हणजे तिथले शिलालेख. तिसऱ्या रामाने या विहाराचा जीर्णोद्धार करताना वैद्यक, औषधी, काव्य, इतिहास, नीती अशा विषयांचे ज्ञान दगडी फलकांवर कोरवून भिंतींत बसवले, जेणेकरून येईल त्याला ते वाचता यावे. असे १४४० लेख आज शिल्लक आहेत आणि २०११ मध्ये युनेस्कोने त्यांचा ‘जागतिक स्मृती’च्या नोंदवहीत समावेश केला. आपल्या ज्ञानभांडारांत ताडपत्रे जपली गेली ती कुलुपात आणि वेष्टनात. त्यामुळेच ती टिकली हेही खरे. इथे मात्र ज्ञान उघड्यावर, ऊनपावसाच्या शेजारी, पायी येणाऱ्या निरक्षराच्याही डोळ्यांसमोर ठेवलेले. दोहोंपैकी श्रेष्ठ कोणते हा वाद मनात बराच वेळ चालला.

भोजनाचा प्रश्न आपल्या वाचकांच्या दृष्टीने सर्वांत निकडीचा, म्हणून थोडे विस्ताराने सांगते. थाई स्वयंपाकात ‘नाम प्ला’ म्हणजे माशांपासून केलेला द्रव जवळजवळ मिठासारखा वापरतात. केवळ ‘मांस नको’ म्हटल्याने काम भागत नाही; भाजीतही तो असतो. शाकाहाराला थाई शब्द आहे ‘मंगसविरत’, म्हणजे मांसविरती. देशविरती आणि सर्वविरती हे शब्द प्रवचनांत ऐकणाऱ्यांना तो लगेच लक्षात राहील. परंतु याहूनही उपयोगी शब्द ‘चे’ हा आहे. चिनी बौद्ध परंपरेतून आलेला हा आहारनियम मांस, मासे, अंडी व दूध तर वर्ज्य करतोच, शिवाय कांदा-लसूणही वर्ज्य करतो. त्यांचे कारण आपल्याहून वेगळे आहे: उग्र वासाचे पदार्थ विकार चाळवतात असे ते मानतात, अनंतकायाचा विचार त्यांच्यापाशी नाही. म्हणूनच गाजर, मुळा, बटाटा त्यांना चालतो; कंदमुळे न खाणाऱ्यांनी तेवढे वेगळे सांगावे. अशा दुकानांवर पिवळ्या निशाणावर लाल अक्षरे असतात आणि ती आपल्याला इंग्रजी सतराच्या आकड्यासारखी दिसतात. सप्टेंबर-ऑक्टोबरात नऊ दिवसांचा ‘चे’ उत्सव असतो, तेव्हा शहरभर ही निशाणे फडकतात. तिथे सोयाबीनपासून हुबेहूब कोळंबी किंवा बदकाच्या मांसाच्या आकाराचे पदार्थ करतात. ज्या वस्तूचा त्याग केला तिचीच प्रतिकृती ताटात कशाला, असा प्रश्न आमच्यातील अनेकांना पडला आणि ती ताटे परत गेली.

दुपारी आम्ही फाहुरातला गेलो. चुलालोंगकोर्न राजाच्या, बालपणीच निवर्तलेल्या कन्येचे नाव या रस्त्याला दिलेले आहे. आज ती भारतीय वस्ती आहे. कापडाची दुकाने, सोनेरी घुमटाचा गुरुद्वारा आणि गरम फुलके. कांदा-लसणाविना वरण-भाजी सांगितल्यावर वाढप्याने काहीही न विचारता मान हलवली, एवढ्यावरून आपली माणसे इथे येत असावीत हे कळले. सूर्यास्तापूर्वीच्या भोजनाविषयी बाईंना सांगू लागलो तर त्या म्हणाल्या, “आमचे भिक्षू तर मध्यान्हानंतर काहीच खात नाहीत. तुमचे सोपे आहे.” बँकॉकमध्ये वर्षभर सूर्यास्त पावणेसहा ते सातच्या दरम्यान होतो, साडेपाचची वेळ ठरवली की चिंता नाही. संध्याकाळच्या मेजवानीची नाव मात्र सोडून द्यावी लागते. आम्ही ती सोडली आणि कुणाला चुटपुट लागली नाही.

तासभर विश्रांती घेऊन तिसऱ्या प्रहरी आम्ही ता तियनच्या धक्क्यावरून नाव केली. नदीला थाईमध्ये ‘मे नाम’ म्हणतात. मे म्हणजे आई, नाम म्हणजे पाणी. समोरच्या तीरावर वाट अरुणचे शिखर, चिनी मातीच्या भांड्यांच्या रंगीत तुकड्यांनी मढवलेले, उन्हात चमकत होते. आम्ही तिथे उतरलो नाही. त्याच्या पायऱ्या खड्या आहेत आणि आजींना वगळून वर जाण्याची कुणाची इच्छा नव्हती. नाव उत्तरेकडे वळून वाट राखांगला लागली. राखांग म्हणजे घंटा. पहिल्या रामाने सिंहासनावर येण्यापूर्वीचे आपले लाकडी घर या विहाराला दिले. त्रिपिटकाच्या पोथ्या ठेवण्यासाठी त्याचा उपयोग झाला. ते घर अजून उभे आहे, साधे आणि तांबूस.

धक्क्याच्या वाटेवर एक बाई पिंजरे घेऊन बसली होती. ओंजळीएवढ्या, विणलेल्या पिंजऱ्यांत ठिपकेवाल्या मनोल्या, आपल्या शेतांत दिसतात त्याच, एकमेकींवर दाटून बसलेल्या. पैसे द्यावेत, पिंजरा उघडावा, पक्षी सोडावेत, पुण्य घ्यावे. पक्षी व मासे सोडण्याची ही प्रथा थायलंडमध्ये जुनी आहे. आजी थांबल्या आणि त्यांनी कमरेची पिशवी उघडली. जीवदयेच्या निधीत दरवर्षी न चुकता देणाऱ्या बाईचा हात तिथे जाणारच.

मार्गदर्शिकाबाईंनी तेव्हा जे सांगितले ते न सांगणे त्यांना सोयीचे झाले असते. त्या म्हणाल्या, “याय, मीही लहानपणी आईबरोबर सोडले आहेत. पण हे पक्षी भातशेतांत जाळे लावून पकडतात. सोडण्यासाठीच पकडतात. आज जितके विकले जातील तितके उद्या पुन्हा पकडतील.”

गटात वाद सुरू झाला. सांगलीचे कापड-व्यापारी काका म्हणाले, “आजी, गिऱ्हाईक थांबले की माल येणे थांबते. आपण घेतले तर पुढच्या जाळ्याचे पैसे आपण दिले असे होईल.” त्यावर आजींनी विचारले, “आणि आज कुणीच घेतले नाही तर संध्याकाळी यांचे काय होते?” बाईंनी खरे तेच सांगितले: काही उद्या पुन्हा इथे येतात, काही मरतात. “म्हणजे तुमचा हिशोब उद्याच्या पाखरांचा आहे,” आजी काकांना म्हणाल्या, “आणि तहान आजच्या पाखरांना लागली आहे.” काकांनी पांजरपोळीचा दाखला दिला, कसायाकडून पैसे देऊन सोडविलेल्या जनावरांबद्दल तिथेही हाच प्रश्न दरसाल निघतो आणि दरसाल तसाच राहतो. एका मुलीने दिल्लीच्या लाल मंदिरातील पक्ष्यांच्या रुग्णालयाचे उदाहरण दिले: तिथे पक्षी विकत घेत नाहीत, जखमी आलेल्यांवर उपचार करतात आणि बरे झाले की सोडून देतात. ते सर्वांना पटले, पण त्या रुग्णालयाची ओसरी इथून फार दूर होती.

आजींनी पिशवी मिटली. मग त्या मार्गदर्शिकाबाईंना म्हणाल्या, “तिला सांगा, पिंजरे सावलीत घे आणि पाणी ठेव.” बाईंनी सांगितले. पिंजरेवाली क्षणभर आमच्याकडे पाहत राहिली, मग उठून तिने पिंजरे झाडाच्या सावलीत सरकवले आणि एका झाकणात पाणी ओतले. आमच्यापैकी एका जोडप्याने परत येताना, कुणाला न सांगता, दोन पिंजरे घेतले आणि उघडले, हे नंतर कळले. त्यावर कुणी बोलले नाही.

विहाराच्या समोर पाण्यापर्यंत उतरणारा घाट होता. पाव विकणारे होते, आणि पाण्यात एवढाले मासे की नदी उकळते आहे असे वाटावे. हातभर लांबीचे, करड्या पाठीचे, पायरीला अंग घासत येणारे. थायलंडमध्ये अनेक देवालयांसमोरच्या पाण्यात मासेमारीस बंदी असते आणि मासे ते जणू जाणतात. नाव दोनशे हात पुढे गेली की एकही दिसत नाही. इथेही बादल्यांत सोडण्यासाठीचे मासे विकावयास होते. त्यांतले काही परक्या जातींचे असतात आणि ते नदीतील मूळ माशांना जड जातात, असे मत्स्यखात्याचे अधिकारी सांगत असतात. आमच्यापैकी कुणी बादलीकडे वळले नाही.

घाटावर एक फलक होता. धाकट्याने सवयीने विचारले, “हे काय लिहिले आहे?” बाईंनी वाचले: “खेत अफैयथान.” त्याला कळले नाही. त्यांनी पुन्हा, सावकाश वाचले. पायरीवर टेकलेल्या आजींनी मान वर केली.

“अभयदान म्हणाल्या का त्या?”

खेत म्हणजे क्षेत्र. अभयदानाचे क्षेत्र: इथे कुणी कुणाला मारावयाचे नाही. थाई भाषेत क्षमा मागतानाही ‘खो अफै’ म्हणतात, म्हणजे शब्दशः ‘अभय मागतो’. पर्युषणाच्या अखेरीस आपण एकमेकांना जे म्हणतो त्यापासून हे किती जवळ आहे, असे मी बाईंना सांगू लागले. पण ‘मिच्छा मि दुक्कडम्’ हे थाई-इंग्रजीत उतरवणे मला साधेना आणि त्यांनीही आग्रह धरला नाही.

आजींनी आपली छोटी वही पुढे केली. बाईंनी तीत तो शब्द थाई लिपीत लिहिला, गोल वळणांची ती अक्षरे; त्याखाली आजींनी थरथरत्या हाताने देवनागरीत लिहिला. काका अजून बाजारभावाच्या मुद्द्यावर होते. नावाड्याने दोनदा हाक मारली. साडेपाचला फाहुरातच्या त्याच खानावळीत अकरा ताटे सांगून ठेवलेली होती.